आधी केलेले उपचार

औंढा नागनाथ
५ फेब्रुवारी २०२४

ती. द्वारकाताईस,
मिनाचा सा. न. वि. वि.

फोन दाजींच्या खिशात असतो आणि ते सगळं स्पीकरवर ऐकतात, म्हणून पत्र. आमच्या डॉक्टरीण देवश्रीबाईंनाही पत्रच पसंत. मोबाइलनं झोप मोडते आणि झोप मोडली की फेफरं उठतं, असं त्या म्हणतात.

मी बरी आहे. दिवाळीत इथं बाईंकडं राहायला आले, आणि गेल्या आठ आठवड्यांत एकही झटका न्हाई. दोन्ही वेळची गोळी, वेळेवर भाकर, मानेवरच्या आणि मनगटावरच्या डागाला तिळाचं तेल. संध्याकाळी बाईंचे वडील विष्णुपंत स्तोत्रं म्हणतात, त्यांच्या मागं बसून मीही म्हणते. दवाखान्याचे केसपेपर लिहायचं कामही माझ्याकडं दिलंय.

दर सोमवारी नागनाथाला जाते. काय मागते ते ऐक. तुमच्या गावच्या भगताचा उजवा हात वाळू दे. ज्या हातानं विळा तापवून त्यानं मला डागलं, त्या हातानं त्याला घास उचलता येऊ नये. देवाला काय मागतेस, असं बाईंनी एकदा विचारलं, तेव्हा मी हेच सांगितलं. मला वाटलं रागावतील. त्या म्हणाल्या, माग, पण उपाशीपोटी मागत बसू नकोस, गोळी चुकते.

भगताच्या घरचं कळव. वाईट असेल तर सविस्तर कळव.

तुझ्या उत्तराची वाट पाहणारी,
मिना


कुरुंदा
१४ फेब्रुवारी २०२४

चि. मिनास,
ताईचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

हळदीची काढणी चालू हाय, बोटं वळत न्हाईत, तरी लिहून राहिले. तू दोन येळा जेवते हे वाचून बरं वाटलं. आता गालावर मांस आलं का ते लिही.

भगत मजेत हाय. अमावस्येला त्याच्या दारात गाड्या लागतात. पण म्या सुरुवात केली. आपल्या वावरातल्या बायांना सांगून टाकलं, जी त्याच्या दारात जाईल तिनं माझ्या बांधावर यायचं न्हाई. चौघींनी जाणं सोडलं. तुझा नवरा विजयकुमार मला वसमतच्या बाजारात दिसला. बायको पिशवीसकट माझ्या दारात सोडून, बरी झाली की धाडा म्हणून गेला, तो दोन वर्षं फिरकला न्हाई. भर बाजारात त्याला असं झाडलं की घेतलेले कांदे तिथंच टाकून पळाला.

दाजींचे दोन पुतणे भगताचा हात मोडायला तयार हायेत. देव वाळवील म्हणून वाट काहून पाहायची? तू फक्त व्हय म्हण. पोलिसात मात्र जाऊ नको. तिथं घरातल्या बायांना बोलावतात, नको नको ते विचारतात.

जिवाला जप. माया आहेच, ती वेगळी काय लिहू.

तुझी,
ताई


औंढा नागनाथ
११ मार्च २०२४

ती. द्वारकाताईस,
सा. न. वि. वि.

महाशिवरात्रीची गर्दी कालपर्यंत होती, म्हणून उत्तराला उशीर झाला. पुतण्यांना पाठवू नको.

पोलिसात जाऊ नको असं तू काहून लिहिलंस, ते मला ठाऊक आहे. गेल्या वर्षी हळद शिजवायच्या दिवसात तुझ्या अंगणात मला झटका आला. भगताला तू बोलावलंस. विळा त्यानं तापवला. पण ताई, माझे पाय कुणी धरले होते? मी तेव्हा पुरती शुद्धीत होते. तुझ्या बांगड्या माझ्या घोट्यात रुतत होत्या. मी तुझंच नाव घेऊन ओरडत होते आणि तू म्हणत होतीस, जरा सोस.

सोमवारी मी दोन नावं घ्यायचे. दुसरं तुला कळवलं न्हवतं.

शनिवारी तक्रार दिली. देवश्रीबाई सोबत होत्या. हजर कोण कोण होतं, असं विचारलं, तेव्हा तुझं नाव सांगितलं. लिहून घेणाऱ्यानं दोनदा विचारलं, सख्खी बहीण का? मी दोनदा व्हय म्हटलं. बाई म्हणतात, अंगावरचा डाग भरला तरी आत दाबलेलं बाहेर आल्याबिगर माणूस पुरतं बरं होत न्हाई. आता आलं बाहेर. त्या दिवशी मी एक भाकर जास्त खाल्ली.

आशीर्वाद द्यायचा की न्हाई ते तू ठरव.

मिना


कुरुंदा
२ एप्रिल २०२४

चि. मिनास,
आशीर्वाद. तो काय तक्रारीनं थांबत न्हाई.

व्हय. पाय म्याच धरले. कढईत हळद उकळत होती आणि तू तिच्यापासून चार हातावर पडलीस. पुढच्या येळी कढईतच पडशील, या भ्यावानं माझी अक्कल गेली. भगत म्हणाला, एकदा डागलं की सुटंल. म्या मानलं. हे कारण झालं, माफी न्हाई.

दाजी म्हणाले, वावरात होते म्हणून सांग. म्या ठाण्यात जाऊन जसं झालं तसं सांगितलं, माझ्या हातांसकट. आरोपीत माझंबी नाव येईल म्हणतात. येऊ दे. भगताला धरून नेलं होतं, आता जामिनावर आला. दारातल्या गाड्या बंद झाल्या.

एक गोष्ट तुला आवडंल. परवा भगताची बायको परसदारी आली. तिच्या सृष्टीला, नववीतल्या पोरीला, वर्षापासून असेच झटके येतात. घरात दडवून ठेवलंय. तुझ्या डॉक्टरीणबाईंचा पत्ता मागून राहिली होती. म्या म्हटलं, घरातच भगत हाय, त्यालाच इचार. आणि दार लावलं. मिना, तुझ्यासाठी लावलं.

गोळ्या चुकवू नको. मला झोप लागत न्हाई, पण ते राहू दे.

तुझी,
ताई


औंढा नागनाथ
२२ एप्रिल २०२४

ती. द्वारकाताईस,
सा. न. वि. वि.

आवडलं. दार लावल्याच्या ओळी मी चार वेळा वाचल्या. दोन दिवस मला फार बरं वाटलं.

मग सोमवारी देवापुढं नेहमीचं मागणं तोंडात येईना. नववीतली पोर बंद घरात एकटीच पडत असेल, एवढंच दिसत होतं. दया आली असं समजू नको. भगतिणीला मी निरोप धाडला, पण अट घातली की पोरीला बापानंच आणायचं.

आज ते आले. दवाखाना भरलेला, त्यात कुरुंद्याच्या दोन बाया. भगत रांगेत बसला, नंबर आल्यावर माझ्या टेबलापुढं आला, पण मान वर केली न्हाई. मी पोरीचं नाव लिहिलं, वय लिहिलं. पुढचा रकाना आधी केलेल्या उपचारांचा. मी विचारलं, अंगारा लावला का? न्हाई म्हणाला. डाग दिला का? तो झटकन म्हणाला, न्हाई हो बाई, लेकराला कुणी डाग देतं का.

बाया वळून पाहू लागल्या. मी म्हटलं, मोठ्यानं सांगा, लिहायचं आहे. तेव्हा त्यानं वर पाहिलं. आधी माझं तोंड, मग कागद धरलेलं मनगट. त्यानं तेच परत सांगितलं. मी शब्दाला शब्द लिहून घेतलं.

असं मोठ्यानं वदवून घेणं बरं न्हवं, असं बाईंनी नंतर मला आत बोलावून सांगितलं. मी म्हटलं, व्हय, बरं न्हवं. पस्तावा मात्र न्हाई.

पोरीला गोळ्यांच्या वेळा मीच समजावल्या. बाप लांब उभा होता. तिनं मला हळूच विचारलं, मी बरी होईन का? मी म्हटलं, मी झाले. ताई, तोंडातून निघून गेलं, आणि मग माझं मलाच कळलं की ते खरं आहे.

तक्रार मागं घेणार न्हाई, तुझ्या नावासकट. तारखेला तू त्या बाजूला बसशील, मी या बाजूला. कोर्टातून सुटलीस की सरळ इकडं ये. न झोपणाऱ्या माणसांना बाई तपासतात. तुझा केसपेपर मी काढून ठेवते.

लोभ आहे, रागही आहे, दोन्ही तुझ्यावरच.

मिना