आभाराच्या अर्जाचा निकाल

तीर्थस्वरूप मामांस,

भाच्याचा साष्टांग नमस्कार (उजवा गुडघा वाकत नाही, तेव्हा आठातलं एक अंग कमी धरावं). तुमचा खोकला कसा आहे? मामींचा राग उतरला का? इकडे आम्ही सुखरूप आहोत, म्हणजे काल दुपारपासून आहोत. त्याआधीचे आठ महिने कसे गेले ते सविस्तर कळवतो. तुमचा जन्म सरकारी कचेरीत आलेला प्रत्येक कागद वहीत नोंदवण्यात गेला, तेव्हा तुम्हालाच ते कळेल.

आमच्या कुलूप-किल्ल्यांच्या टपरीखालची जागा सरकारी, हे तुम्ही जाणताच. सतरा वर्षं मी तिथे जीव मुठीत धरून बसलो. अखेर जमिनीच्या साहेबांनी ती दहा बाय आठची पट्टी माझ्या नावे करून दिली. मामा, काय तो हुकूम! वर नंबर, खाली गोल शिक्का आणि मधोमध माझं नाव, तेही बिनचूक! एका सहीने माणूस बेकायदाचा कायदेशीर होतो हे या डोळ्यांनी पाहिलं आणि मी भारावूनच गेलो. घरी येऊन ठेवणीतल्या अक्षरात आभाराचं पत्र लिहिलं आणि कचेरीत नेऊन दिलं. तुमची भाचेसून म्हणत होती की मिळालंय ना, मग गप्प बसा. (ती नेहमीच असं म्हणते. नेहमीच तिचं खरं ठरतं, हा वेगळा त्रास.)

आता कचेरीच्या वहीत तक्रार, मागणी, अपील, फेरविचार असे रकाने. आभाराचा रकानाच नाही. आजवर कुणी आभार मानलेच नसतील तर तो आखणार कोण? तिथला कारकून भला माणूस, पत्र परत करणं त्याच्या जिवावर आलं. आत हुकुमाचा नंबर दिसला, म्हणून त्याने ते फेरविचारात नोंदवलं. झालं! ज्याला जागा मिळाली तोच फेरविचार मागतो, त्याअर्थी हुकुमात काहीतरी खोट असलीच पाहिजे, असं साहेबांनी ताडलं. पाच महिने शोधली, आणि काय सांगू, सापडली! हुकुमात जागा रिकामी असं लिहिलं होतं आणि पाहणीत तिथे एक टपरी आढळली. अतिक्रमण कुणाचं? माझंच. माझ्या जागेवर मीच अतिक्रमण केलेलं, सबब हुकूम रद्द, पंधरा दिवसांत टपरी हलवा. इतकं बारीक काम मी तिजोरीच्या कुलपातही पाहिलेलं नाही. नोटीस वाचून एकीकडे हात जोडावेसे वाटत होते आणि दुसरीकडे टपरीतली कुलपं मोजत होतो, हलवायची कुठे म्हणून. दोन मुलींचं शिक्षण त्या दहा बाय आठवर चाललंय, मामा. दोन दिवस घास उतरला नाही.

मग वरच्या कचेरीत अपील केलं. काल तिथल्या मोठ्या बाईंपुढे उभा राहिलो. फायलींच्या चळतीमागे त्या जेमतेम दिसत होत्या, आणि आवाज इतका हळू की वकीलसुद्धा खोकला गिळून उभे. त्यांनी माझा धंदा विचारला. मी म्हटलं, कुलपं. तर म्हणाल्या, "गिऱ्हाइकाला किल्ली देऊन टाकल्यावर त्याचं कुलूप तुम्ही परत उघडाल?"

मी म्हटलं, "येतं उघडता, बाई. पण मला तो हक्क नाही."

"हेच निकालात लिहितेय," म्हणाल्या. आपलाच हुकूम फिरवायचा, म्हणजे फेरविचाराचा, अधिकार कायद्याने दिला असेल तरच असतो, आणि साहेबांना तो दिलेला नव्हता. आधीचा हुकूम कायम! एवढे मोठे साहेब, पण त्यांच्याही हाताला कायदा अमुक ठिकाणी थांब म्हणतो. निकालाची प्रत घेऊन बाहेर आलो आणि पायरीवर बसून चक्क रडलो.

लोभ आहे, तो या पत्रानंतरही राहू द्यावा.

तुमचा भाचा

ता. क. तुमच्या कपाटाची दुसरी किल्ली सोबत आहे. मामींना दाखवू नये.

ता. क. दुसरा. तुमच्या हाताखाली तयार झालेला कारकून अजून त्या वरच्या कचेरीतच कागद नोंदवतो ना? हे पत्र मुद्दाम मेहुण्याच्या हाती पाठवलं आहे. वाचताक्षणी त्याला फोन करावा. काल मला राहवलं नाही हो. डोळे पुसले आणि त्याच पायरीवर बाईंना दोन पानी आभारपत्र लिहून खिडकीत देऊन आलो. नंबर पडायच्या आत ते काढून घ्यायला सांगा. निकालाचं शेवटचं पान मी घरी येऊन वाचलं. फेरविचाराचा अधिकार बाईंना आहे.