सहाऐवजी पाच

१५ ऑगस्ट, शुक्रवार

चौतीस केसपेपर. अकरा मेलेले, तेवीस जखमी. पहाटे पावणेसहाला आपल्या घाटातच — बस कशाला धडकली नाही, वळणावर आडवी झाली आणि दरीत गेली. न धडकता उलटलेल्या बसमधल्या सगळ्यांच्या इजेच्या कारणाचा कोड व्ही-७८. पुढे टिंब, मग एकच आकडा. प्रवाशाला सहा, चालकाला पाच.

तेहतीस वेळा सहा लिहिलं. एकदा पाच.

त्या बसवर माझ्या धाकट्या बहिणीचा, मारुहाचा, नवरा ड्रायव्हर होता. रोमुलो! लांबच्या गाडीवर दोन ड्रायव्हर असतात. एक चालवतो, दुसरा खाली सामानाच्या कप्प्याशेजारच्या खोक्यात झोपतो. इमर्जन्सीच्या बोळात तो खांद्यावर ब्लँकेट घेऊन बसला होता. माझा हात धरून रडला. "ताई, सातुर्निनो चालवत होता. मी खाली झोपलो होतो. काही कळलंच नाही गं."

त्याला पोटाशी धरलं. मग टेबलाशी येऊन लिहिलं — सातुर्निनो आयकिपा, पाच. रोमुलो तापिया, सहा.

अकरा प्रेतं पलीकडच्या खोलीत, आणि मी देवाचे आभार मानत होते की मारुहा विधवा झाली नाही.

१६ ऑगस्ट, शनिवार

रेडिओवर सातुर्निनोचं नाव. "रुग्णालयाच्या नोंदीनुसारही गाडी तोच चालवत होता." रुग्णालयाची नोंद म्हणजे मी.

१८ ऑगस्ट, सोमवार

सरकारी वकिलाच्या कचेरीने माझी यादी नेली. सातुर्निनोच्या खाटेशी आता एक हवालदार. उजवा हात खाटेच्या दांडीला बेडीने अडकवलाय. कमरेचं हाड चुरा, दोन्ही मांड्या मोडलेल्या, घशात नळी. कुठे पळणार हा माणूस?

येनी शेजारच्या टेबलावरून म्हणाली, "बसला लामासारखं जनावर आडवं आलं तर त्याला नंबर आहे, बैलगाडी आली तर आहे. झोपलेल्या ड्रायव्हरला मात्र वेगळा नंबर नाही बघ! तो बिचारा साधा प्रवासी."

हसले मी. घरी येताना हसू येईना.

२० ऑगस्ट, बुधवार

सातुर्निनोची बायको आली. एउफ्रासिया. बुटकी, पाठीवर रंगीत गाठोडं, चपलांना अजून शेताची माती. कुणीतरी तिला सांगितलं होतं की "नंबर लिहिणारी बाई" मी.

"बाई, तो झोपला होता हो," म्हणाली. "पुलावरच्या खानावळीत पाळी बदलते. सूप पितात, कागदावर सह्या करतात — मी सोडली, तू घेतलीस. मग मला फोन करतो. रोज. 'चल, खाली उतरतोय, पाय गारठलेत.' त्या दिवशीही केला. चार दहाला. हा बघा."

फोनची काच फुटकी. चार दहा. एक मिनिट.

"तुमच्या कागदावर पाच का आहे, बाई?"

बघते म्हणाले. तिने गाठोड्यातून उकडलेला मका काढून माझ्या टेबलावर ठेवला. नको म्हणता येईना.

२१ ऑगस्ट, गुरुवार

दोन्ही केसपेपर पुन्हा काढले.

सातुर्निनोचा, पुढची बाजू: "व्यवसाय — ड्रायव्हर." पाठीमागे अग्निशामकवाल्यांची चिठ्ठी टाचलेली: सामानाच्या कप्प्यालगतच्या खोक्यातून, पत्रा कापून काढला. खाली नर्सची ओळ — बूट नाहीत, दोन जोड लोकरी मोजे, पायांना घोंगडी गुंडाळलेली.

मोजे घालून घोंगडीत कोण गाडी चालवतं!

रोमुलोचा: डाव्या खांद्यापासून उजव्या कमरेपर्यंत तिरका व्रण. पट्ट्याचा. त्याचा कोड मी स्वतःच लिहिलाय. प्रवाशांच्या सीटला फक्त कमरेचा पट्टा असतो. खालच्या खोक्यात कुठलाच नाही. खांद्यावरून पट्टा त्या गाडीत एकाच माणसाला — डावीकडे स्टिअरिंगवर बसणाऱ्याला.

बावीस वर्षं नवीन मुलींना शिकवतेय — पानावर नाही ते लिहायचं नाही, पान उलटल्याशिवाय लिहायचं नाही. इतर बत्तीस कागद मी उलटले होते. खात्री आहे. त्यावर माझ्या पेन्सिलीच्या खुणा आहेत. या दोघांवर नाहीत. घाई होती? की उलटायचंच नव्हतं? खरं उत्तर लिहायला वही उघडलीय आणि लिहवत नाही.

२२ ऑगस्ट, शुक्रवार

आमच्या नोंदणी विभागाच्या विल्बरसाहेबांना सांगितलं. त्यांनी दार लावून घेतलं.

"नेलिदा, तू आकडे लिहितेस. निकाल देत नाहीस."

"पण साहेब, निकाल माझ्याच आकड्यावर चाललाय."

"दुरुस्तीच्या अर्जात कारण लिहावं लागेल. काय लिहिशील? मेहुण्याने बोळात सांगितलं म्हणून? नोकरी जाईल तुझी. आणि बहिणीला काय तोंड दाखवशील?"

वाईट माणूस नाही तो. म्हणूनच जास्त भीती वाटली.

२४ ऑगस्ट, रविवार

मारुहाकडे जेवायला. रोमुलो बटाटे सोलत होता, डावा हात वर जात नव्हता.

मी विचारलं, "रोमुलो, पट्टा कुणी लावला होता?"

सुरी थांबली. मग म्हणाला, "ताई, तो तसाही वाचत नाही. डॉक्टरच म्हणतात. मला तीन पोरं आहेत."

"त्यालाही आहेत."

"डोळा लागला गं माझा. एक क्षण! कंपनीने सलग चौथी रात्र लावली होती. ते म्हणाले, गप्प राहा, वकील आम्ही देतो."

मारुहाने भांडं आपटलं. "आपल्याच ताटात जेवायचं आणि आपल्याच माणसाला तुरुंगात घालायचं? शिकलीस ना मोठी कुस्कोला जाऊन! ऊठ. ऊठ म्हणते ना."

उठले.

२५ ऑगस्ट, सोमवार

अर्ज केला. कारण: "कोड लिहिणारीने कागदाची मागची बाजू पाहिली नाही व नातेवाइकाच्या तोंडी माहितीवर नोंद केली." सही. दोघांना तपासणाऱ्या डॉ. पारेहांनी कागद दोन्ही बाजूंनी वाचला आणि शेजारी सही केली. पाचाचे सहा, सहाचे पाच.

दुपारी तो घेऊन सरकारी वकिलाकडे गेले. तरुण आहे, सर्दी झालेला. "बाई, आधी एक नंबर दिलात, आता दुसरा देताय. व्रण दोरीचाही असू शकतो. मोजे थंडीचे असू शकतात. पाळी बदलल्याचा सह्यांचा कागद आणा, मी लगेच मानतो."

कंपनी म्हणते, तो कागद दरीत गेला.

मारुहा फोन उचलत नाही. विल्बरसाहेबांनी मला लेखी खुलासा मागितला.

२७ ऑगस्ट, बुधवार

सातुर्निनो सकाळी नऊला गेला. हवालदाराला बेडीची किल्ली सापडेना. चादर ओढल्यावरही हात दांडीलाच. एउफ्रासिया तो हात धरून उभी. अर्ध्या तासाने किल्ली आली.

"मेलेल्यावर खटला चालत नाही," हवालदार समजुतीने सांगत होता. "शुक्रवारी फाईल बंद होईल, मावशी. सुटला म्हणा."

"अकरा माणसं त्याच्या नावावर राहतील ना?" तिने विचारलं.

मृत्यूच्या दाखल्यावर सहा लिहिलं. आता त्याचा कुणाला काय उपयोग.

२८ ऑगस्ट, गुरुवार

मारुहा ऑफिसात आली. बसली नाही. टेबलावर प्लास्टिकची पिशवी ठेवली — रोमुलोचा कंपनीचा निळा शर्ट, न धुतलेला. डाव्या खांद्यापासून खाली पट्ट्याएवढा रुंद तिरका काळा डाग, रक्त वाळलेलं. "खिसा बघ," म्हणाली.

चार घड्या घातलेला कागद. पूल, चार वाजून पाच मिनिटं. सोडली — आयकिपा. घेतली — तापिया.

"पहिल्याच दिवशी सापडला होता," ती म्हणाली. दारात थांबली, वळली नाही. "शर्ट परत पाठवू नकोस, ताई."