तिसऱ्या पिंपावरून माझी पसंती पुसून टाकण्याबाबत

प्रति,
मा. अधीक्षक,
एकदिवसीय सहली विभाग,
पर्यटन कार्यालय, पहिला मजला
(जिना चढून डावीकडे, जिथे भिंतीवर माझे छायाचित्र लावले आहे त्याच्या समोरची खोली)

विषय : मला चुकून मिळालेले 'जाणकार आस्वादक' हे प्रमाणपत्र माझ्याकडून काढून घेण्याबाबत व तदनुषंगिक.

संदर्भ : १) 'डोंगरावरची जुनी गावे आणि द्राक्षबागा' ही मार्गदर्शकासह सहल, दि. ११ सप्टेंबर, गाडी क्र. २, जागा क्र. १७ व १८ (एकच तिकीट).
२) खिडकी क्र. ४ वर मी तीन वेळा केलेली तोंडी विनंती.

महोदय,

वरील विषयास अनुसरून विनंतीपूर्वक अर्ज सादर करते की,

१. मी एक साधी गृहिणी असून गेली बारा वर्षे माझे एक नित्यव्रत आहे. सकाळी उठल्यापासून दुपारचे बारा वाजेपर्यंत मौन, आणि बारानंतर जे बोलायचे ते खरेच बोलायचे. त्यात आजवर एक दिवस खंड नाही. येत्या २१ ऑक्टोबरला व्रताला बारा वर्षे पुरी होतात. त्या दिवशी आमच्या जपमंडळातील अकरा जणींसमोर मला उभे राहून एवढेच सांगायचे आहे की, सकाळी बोलले नाही आणि दुपारी खोटे बोलले नाही. हे वाक्य मला आज म्हणता येत नाही. त्याचे कारण आपल्या कार्यालयाच्या भिंतीवर चौकटीत लावलेले आहे.

२. सदर सहल आमच्या लेकीने आम्हा दोघांना भेट दिली होती. जागा क्र. १८ वर माझे यजमान होते. मी त्यांचे नाव घेत नसल्याने यापुढे अर्जात 'हे' असा उल्लेख केला आहे, तो कृपया चालवून घ्यावा. सहलीबद्दल माझी तक्रार नाही, हे आधीच स्पष्ट करते. पहिले गाव फार सुरेख होते. तटबंदीवरून खालची शेते रांगोळीच्या ठिपक्यांसारखी दिसत होती. मनोऱ्यावरचे घड्याळ मात्र सव्वानऊला बंद पडलेले आहे. मौन असणाऱ्या माणसाला घड्याळाची किती गरज असते हे ज्याचे त्यालाच ठाऊक, तरी ते दुरुस्त व्हावे.

३. आपले पिवळी छत्रीवाले मार्गदर्शक अत्यंत तळमळीने माहिती देतात. गाडीतले बाकीचे प्रवासी आपापसांत बोलत होते, खात होते, एकमेकांचे फोटो काढत होते. मी एकटी गप्प बसून ऐकत होते. त्यामुळे साडेनऊपासून मार्गदर्शकांनी सगळी माहिती मलाच सांगायला सुरुवात केली. कोणत्या सरदाराने कोणत्या सरदाराला कोणत्या खिडकीतून ढकलले, हे त्यांनी मला खिडकीसह दाखवले. मी मान डोलावत गेले. "सतरा नंबरच्या बाईंना सगळं आधीच माहीत आहे," असे ते ह्यांना म्हणाले. त्यावर हे म्हणाले, "घरीसुद्धा तोच अनुभव आहे." गैरसमजाची सुरुवात इथे झाली, असे माझे नम्र मत आहे.

४. दुसऱ्या गावात दोनशे चौदा पायऱ्या आहेत. माहितीपत्रकात 'थोडासा चढ' असे छापले आहे, त्याकडे लक्ष वेधते. त्या पायऱ्या चढून उतरून, घशाला कोरड पडलेल्या अवस्थेत, आम्ही अकराच्या सुमारास द्राक्षबागेत पोहोचलो. 'सामान गाडीतच ठेवावे' असा आपला नियम आहे. मी सकाळच्या वेळी पिशवीत एक वही आणि पेन्सिल बाळगते, अडचण आली तर लिहून दाखवते. नियम पाळून मी पिशवी गाडीत ठेवली. म्हणजे माझी जीभ गाडीत राहिली आणि मी खाली उतरले, असेच म्हणावे लागेल.

५. तळघरासारख्या गार खोलीत पिंपे ओळीने मांडली होती. टेबलावर छोट्या पेल्यांत फिकट पिवळे काहीतरी ठेवले होते. तहानेने जीव कासावीस झाला होता. मला ते सरबत वाटले. हा दोष माझा आहे, तो मी कार्यालयावर ढकलत नाही. पण घोट तोंडात गेला आणि ती द्राक्षांची दारू आहे हे कळले. गिळावे तर दारूला न शिवण्याचा नेम मोडतो, बोलावे तर मौन मोडते. अशा वेळी माणूस जे करतो ते मी केले. डोळे मिटले, ओठ हलवून देवाचा धावा केला, दोन्ही कानांच्या पाळ्या धरून क्षमा मागितली, आणि शेजारी पितळेचे भांडे दिसले त्यात तो घोट थुंकून टाकला.

महोदय, मला काय माहीत की ते भांडे त्याचसाठी ठेवलेले असते! नवखे लोक गिळतात आणि खरे जाणकार थुंकतात, अशी त्या धंद्यातली रीत आहे म्हणे. बेचाळीस प्रवाशांत थुंकणारी मी एकटी निघाले. बागेचे मालक, पंचाहत्तरीचे एक वृद्ध गृहस्थ, लगबगीने माझ्यापाशी आले. इतका वेळ डोळे मिटून, ओठांवर घोळवून चाखणारे माणूस आपण आयुष्यात पाहिले नाही, असे ते सर्वांना सांगू लागले. दुसऱ्या पिंपातला पेला त्यांनी स्वतः माझ्या हातात दिला. मी तो नाकापर्यंत नेला आणि मान वळवली. "बघा, नुसत्या वासावर ओळखलं, हे कच्चं आहे," असे म्हणून त्यांनी ते पिंप बाद केले.

६. आता कुणी विचारेल की तुमचे यजमान काय करत होते. हे चौथ्या पेल्यावर होते. मी डोळ्यांनी विनवले की सांगा हो काहीतरी. मालकांनी ह्यांना विचारले, "बाई हे किती वर्षं करतायत?" ह्यांनी सांगितले, "बारा वर्षं. रोज सकाळी. एक दिवस चुकत नाही." हे आपण मौनाबद्दल सांगितले असून त्यात एक अक्षर खोटे नाही, असे ह्यांचे आजही म्हणणे आहे. मात्र सांगताना मिशीतल्या मिशीत हसत होते, हे मी समक्ष पाहिले आहे.

त्यानंतर मालकांनी मला सगळ्या पिंपांपुढे उभे केले आणि विचारले, "आता तुम्हीच सांगा, यातलं खरं कोणतं?" मला चूळ भरायची होती. तिसऱ्या पिंपाच्या मागे भिंतीत एक नळ होता. मी त्याच्याकडे बोट दाखवले.

७. यापुढील भाग गाळावासा वाटतो, पण अर्ज खरा असावा म्हणून लिहिते. तिसऱ्या पिंपाकडे बोट जाताच त्या गृहस्थांनी पिंपावर हात ठेवला. मग म्हणाले की हे पिंप त्यांच्या पत्नीने भरले होते, जाण्यापूर्वी शेवटचे. सहा वर्षे जो येतो तो ते आंबट आहे म्हणतो. मुलगी म्हणते, ओतून टाका, जागा मोकळी होईल. त्यांना ते ओतवत नव्हते. हे सांगताना त्यांनी डोळ्यांना रुमाल लावला. त्याच क्षणी बाहेर बागेतल्या कामगारांच्या जेवणाची घंटा झाली. बारा वाजले.

म्हणजे आता मला बोलता येत होते. "आजोबा, मी नळ दाखवला," एवढे चार शब्द होते. ते गृहस्थ माझ्या तोंडाकडे पाहत होते. मी म्हणाले, "छान आहे."

बारा वाजेपर्यंत जे घडले तो आपल्या कार्यालयाचा, मार्गदर्शकांचा, पितळी भांड्याचा आणि थोडाफार ह्यांचा गैरसमज होता. बारानंतरचे ते दोन शब्द माझे आहेत. बारा वर्षे जपून वापरलेल्या जिभेने ऐन वेळी दगा दिला. त्याची सबब मी सांगत नाही.

८. त्यानंतर टाळ्या झाल्या, मी पुन्हा कान धरले तेवढ्यात छायाचित्र निघाले, आपल्या कार्यालयाचे प्रमाणपत्र मिळाले आणि तिसऱ्या पिंपातली एक बाटली मला भेट दिली गेली. पिंपावर मालकांनी खडूने 'बाईंची पसंती' असे लिहिले. मला वाटले, खडूच आहे, पुसला जाईल. परंतु आपल्या नव्या माहितीपत्रकात सहलीचा शेवटचा टप्पा 'बाईंची पसंती' या नावाने छापला गेला असून सोबत माझे कान धरलेले छायाचित्र आहे. माझ्या धाकट्या जावेने ते पाहून फोन केला, "जाऊबाई, आमच्याकडे आलात की चहासुद्धा नको म्हणता, आणि तिकडे पेल्यांपुढे उभ्या!" नंतर ती स्वतःच सहलीला जाऊन आली. ती सांगते की मार्गदर्शक आता सर्वांना 'मौन आस्वाद' शिकवतात : घोट घ्यावा, डोळे मिटावेत, ओठ हलवावेत, दोन्ही कान धरावेत आणि मग थुंकावे. बेचाळीस माणसे एका ओळीत कान धरून उभी राहतात. काही जणांनी तर उठाबशाही काढल्या.

महोदय, ही माझी क्षमा मागण्याची रीत आहे, चव घेण्याची नव्हे. निरपराध प्रवाशांना रोज क्षमा मागायला लावणे योग्य नाही. आणि जिने मागायला हवी ती घरी बसली आहे.

९. याबाबत मी खिडकी क्र. ४ वर तीन वेळा गेले. तेथील बाई सज्जन आहेत. पहिल्या खेपेला म्हणाल्या, "तक्रारीचा नमुना आहे, कौतुकाचा आहे. कौतुक परत करायचा नमुना आमच्याकडे नाही हो." दुसऱ्या खेपेला त्यांनी मला ओळखले आणि खुर्ची देऊन, घरी पाहुणे येणार आहेत तर कोणती बाटली आणावी, असे विचारले. तिसऱ्या खेपेला नियमांची फाइल काढून त्यांनी सांगितले की प्रमाणपत्र रद्द होत नाही. फार तर दुसऱ्या प्रवाशाच्या नावे वर्ग होते, तेही दोघे एकाच तिकिटावर असतील तर.

१०. मी जवळजवळ महिनाभर या विवंचनेत होते की, त्या आजोबांना खरे सांगावे तर ते पिंप ओतले जाईल, न सांगावे तर माझे व्रत ओतले जाईल. भेट मिळालेली बाटली मी फळीवर सर्वांत वर, तोंड भिंतीकडे करून ठेवली होती. गेल्या रविवारी ह्यांनी ती खाली काढली. मी विचारले, हे काय? म्हणाले, "चौकशी." चौकशी दुपारभर चालली. ह्यांना खोटी स्तुती करण्याची सवय नाही. बत्तीस वर्षांत माझ्या आमटीला 'बरी आहे' याच्या वर शब्द मिळालेला नाही, आणि बागेतल्या इतर पिंपांना त्या दिवशी हे 'औषध' म्हणाले होते. त्या ह्यांनी पेला खाली ठेवला आणि पुन्हा भरला. मग म्हणाले, "अगं, ही खरंच छान आहे. आंबट आहे, पण त्या आंबटात गंमत आहे. लोकांना घाई असते. तू खोटं नाही बोललीस, फक्त न चाखता खरं बोललीस."

ह्यांचे म्हणणे मला दिलासा देते, परंतु माझ्या नेमात ते बसत नाही. न चाखता बोललेले खरे हे उसने खरे असते. ते ज्याचे त्याला परत गेले पाहिजे. सबब विनंती की,

(अ) सदर प्रमाणपत्र नियमानुसार जागा क्र. १८ च्या नावे वर्ग करावे. त्यांनी तिसऱ्या पिंपातले प्रत्यक्ष चाखले आहे, गिळले आहे आणि पसंत केले आहे.

(आ) माहितीपत्रकातून माझे छायाचित्र काढावे व प्रवाशांचे कान सोडवावेत.

(इ) २१ ऑक्टोबरपूर्वी कोणत्याही दिवशी आम्हा दोघांना त्याच सहलीत दोन जागा मिळाव्यात. त्या दिवशी कृपया गावे आधी आणि द्राक्षबाग बारानंतर ठेवावी. मला त्या आजोबांपुढे उभे राहून स्वतःच्या तोंडाने सांगायचे आहे की मी नळ दाखवला होता. त्याच वेळी हे शेजारी असावेत, म्हणजे मी खरे सांगून गप्प झाले की पुढचे खरे ह्यांना सांगता येईल. खडू आम्ही आणू. 'बाईंची' हा शब्द मी पुसेन. 'पसंती' तशीच राहू द्यावी.

वेळापत्रक बदलणे कठीण आहे याची जाणीव आहे. पण बारा वर्षांच्या शेवटी दोन शब्द अडकले आहेत. आपण मनावर घेतल्यास ते सुटतील.

बारा वाजल्यानंतर केव्हाही उत्तर देण्यास तयार असलेली,
आपली नम्र,
(सही)
अर्जदार, जागा क्र. १७
दि. ६ ऑक्टोबर

जागा क्र. १८ यांची संमती : वरील मजकूर वाचला. हरकत नाही. मिशीबद्दलचा उल्लेख वगळावा. (सही)

सोबत :
१) प्रमाणपत्र, मूळ प्रत, चौकटीसह.
२) माहितीपत्रक, माझ्या चेहऱ्यावर पेन्सिलीने फुली मारलेले.
३) तिसऱ्या पिंपातील बाटली, जागा क्र. १८ च्या पात्रतेचा पुरावा म्हणून. (बाटली रिकामी आहे. पुरावा पूर्ण आहे.)