पडद्यावरचा चीक

५ जानेवारी २०१८, आशागड

मयूरी आली. आमची कन्या मुंबईच्या आर्ट गॅलरीत बर्फाची लादी मांडीवर घेऊन बसायची, त्याला कला म्हणायचे. लोक वाइन पीत बघायचे. आता ते सोडलं म्हणे — प्रायोगिक फिल्म करणार, आपल्या चिकूच्या बागेत. गोष्ट काय? "गोष्ट नसते, तात्या." मग तिकीट काढून कोण येणार? "तिकीटही नसतं." म्हणजे सगळंच नसतं. कॅमेरा मात्र आहे, आणि तो धरायला तुषार नावाचा एक दाढीवाला.

९ जानेवारी

देवेशचा फोन. चिरंजीव वापीला बसून बाग चालवतात. "तात्या, व्यापारी म्हणतो माल पिकत नाही, नुसता सुरकुततो. तुम्हाला दिसत नाही आता. बाग ठेक्याने देऊन टाकू." व्यापाऱ्याला भाव पाडायचाय, एवढंही ह्या शहाण्याला कळत नाही! ही झाडं मी लावली. मी आहे तोवर ठेकेदार कुंपणाच्या आत येणार नाही.

१३ जानेवारी

तोड चालू. नेहमीप्रमाणे आधी मी खालच्या फांदीवरचं एक फळ नखाने खरवडतो. पांढरा चीक आला तर कच्चं, झाड सोडायचं. नाही आला तर लाहू मुकादमाची माणसं तोडायला लागतात. तुषारने कॅमेरा अगदी माझ्या नखाला चिकटवला. "पुन्हा करा ना, तात्या." मी काय नट आहे? मयूरीच म्हणाली, "पुन्हा नाही. एकदाच होतं ते." बर्फाची सवय, दुसरं काय.

१६ जानेवारी

बोटं चिकट राहतात हल्ली. साबण हलका येतो.

४ फेब्रुवारी

दिवेलागणीला शेडमध्ये चादर बांधून फिल्म दाखवली. तिचे मुंबईचे मित्र आले होते, चारोटीला भरपेट जेवून. अर्धा तास पानं आणि सावल्या. जांभया दाबत बसलो. मग माझं नख — फावड्याएवढं. फळ खरवडलं, आणि पांढरा थेंब वर आला. वाटीएवढा. आणि मी लाहूला सांगतोय, "तयार आहे, तोडा."

मित्रांनी टाळ्या वाजवल्या. "काय टेक्स्चर आहे!" गाढवांनो, चीक होता तो.

हातातल्या फळावर मला तो दिसलाच नव्हता. आधी लाज वाटली, मग भीती. जेवण गेलं नाही.

५ फेब्रुवारी

मयूरीला म्हटलं, तो थेंब काप. "का? सगळी फिल्म त्या थेंबासाठी आहे." बागेत वाढली आणि चीक ओळखत नाही! ओळखत असेल तर त्याहून वाईट. रविवारी देवेश बघायला येणार. त्याला बरोबर कळेल.

थोड्या वेळाने स्वतःच आली. "तुम्हाला नको असेल तर कापते, तात्या. विचारणार नाही काही." एवढी सरळ कधीपासून झाली?

११ फेब्रुवारी, रविवार

कापू दिलं नाही. देवेशला पुढे बसवलं. थेंब आला तेव्हा मीच म्हटलं — बघ, तुझा बाप कच्चं तोडतोय. ठेकेदाराला घेऊन ये.