खिडकीचं दार आणि दाजींची पाठ

तीर्थस्वरूप दाजींस,

साष्टांग नमस्कार. (तुम्ही आडवे, मीही आडवा, म्हणजे एका पातळीवर आलो.) पाठ कशी आहे? कुशीवर वळता येतं का? ताईचा राग उतरला असेल तर तिला माझा नमस्कार सांगा. नसेल तर या पत्राचं नावही काढू नका.

माझं डोकं मात्र कोर्टातून आल्यापासून तापलेलं आहे. शेजारच्या लाँड्रीवाल्याने माझ्या दुकानाच्या एकुलत्या एका खिडकीला खेटून भिंत उठवली, म्हणून मी दावा लावला, हे तुम्हाला ठाऊकच आहे. मनगटी घड्याळाचा स्क्रू केवढासा असतो! भरदुपारी दिवा लावून बसतो तरी हातातून निसटलेला सापडत नाही. असंच चाललं तर दुकानाला कुलूपच लावावं लागेल. आणि हा गृहस्थ साक्षीच्या पिंजऱ्यात, चेहऱ्यावर एक सुरकुती न पडू देता, शपथेवर सांगतो की तिथे खिडकी कधी नव्हतीच, मी ती परवापरवा फोडली! अहो, मी फक्त वाळवी लागलेली चौकट बदलली. बाबांचा सगळा जन्म त्या खिडकीपाशी गेला. त्याचं मानगूट धरायला मी उठलोच होतो, पण वकीलबाईंनी मागून माझा शर्ट धरला.

तेव्हा मी वकीलबाईंना पहिल्यांदाच सांगितलं, त्या खिडकीचं जुनं दार आहे की! त्यावर बाबांनी रंगवलेली घड्याळाची तबकडी आहे, बिजागऱ्यांच्या खुणा भिंतीतल्या खुणांशी जुळतील. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. पुरावा द्यायची वेळ टळून गेली होती. आता घ्यायचा की नाही हे न्यायाधीशांच्या हातात, आणि त्यांना उशिराचं पटेल असं कारण लागतं.

न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहत विचारलं, "धंदा काय करता?"

म्हटलं, "घड्याळदुरुस्ती."

"आणि उशीर तुम्हाला होतो?"

सगळं कोर्ट हसलं. मग इतके दिवस दार का आणलं नाही, असं विचारलं. खरं बोलायची शपथ घेतलेली, म्हणून खरं सांगितलं, "साहेब, त्यावर माझे मेहुणे झोपलेत."

पुन्हा हशा! यात हसण्यासारखं काय आहे? डॉक्टरांनी तुम्हाला कडक फळीवर झोपायला सांगितलं, ताईने मी तुमच्या माळ्यावर ठेवलेलं दार काढून पलंगावर टाकलं, मी मागायला आलो तर तिने उंबऱ्यावरूनच वाटेला लावलं. (तुम्ही आत घोरत होतात.) समोरचा वकील म्हणतो, आता हे घेतलं तर आमच्यावर अन्याय होईल. म्हणजे खोटं वेळेवर आलं म्हणून चालतं, आणि खरं माणसाच्या पाठीखाली अडकलं म्हणून बाद? आणि कहर म्हणजे मला वेळेवरून बोलणाऱ्या त्या कोर्टात घड्याळच नाही! न्यायाधीशांच्या डोक्यामागे, भिंतीवर, नुसता एक फिकट गोल. हे मी तिथेच ऐकवणार होतो, पण शर्ट अजून वकीलबाईंच्या मुठीत होता.

बाकी ठीक. पाठीला शेक घेत राहा.

आपला,
घड्याळवाला मेहुणा

ता. क. – अर्ज फेटाळलेला नाही. कारण खरं निघालं तर विचार करू, समोरच्यांनाही उलटतपासणीची संधी देऊ, पण येत्या तारखेला दार आणि त्यावर झोपणारा, दोघांनाही हजर करा, असं न्यायाधीश म्हणाले. तेव्हा दाजी, उठा! टेम्पो सांगून ठेवला आहे, त्याच दारावर आडवं पडून येता येईल. ताईला मात्र तुम्हीच सांगा.

आणखी एक ता. क. – हे कोणाला बोलू नका. त्या फिकट गोलावरचं घड्याळ माझ्याकडे आहे. कोर्टाच्या शिपायाने दुरुस्तीला दिलं होतं आणि मी आठवड्याभरात देतो म्हणालो होतो. परवा तो शिपाई सगळा वेळ माझ्याकडे टक लावून उभा होता. उजेडाचं कारण सांगितलं असतं, पण तेव्हा भिंत उठलेली नव्हती, खिडकीतून लख्ख ऊन येत होतं. पटेल असं दुसरं कारण मला तरी सुचत नाही. टेम्पो येईपर्यंत पडल्यापडल्या तुम्हीच काहीतरी शोधून ठेवा.