स्थगितीनंतरची भट्टी

ता. ३ जून

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

लिलाव थांबला. वकिलांनी कळवलं असेलच, तरी माझ्या हातानं लिहितो. अपिलाचा निकाल लागेपर्यंत बेकरी आणि वरच्या खोल्या सरकारनं विकायच्या नाहीत, असं कोर्टानं सांगितलं. वकील हुकूम घेऊन पोचले तेव्हा लिलाव पुकारणारे साहेब घसा खाकरून उभे राहिले होते. त्यांनी कागद वाचला, टेबल मिटलं आणि माझ्याकडेच पाणी मागितलं. मी दिलं.

मेलेल्या माणसाच्या नावानं नोटीस काढून कर वसूल करता येत नाही, हा तुझा मुद्दा न्यायाधीशांना ऐकण्याजोगा वाटला. अण्णा गेले तरी सरकार त्यांना सोडत नाही, असं म्हणून वकील हसले. समोरचा शिंपी तर माझ्या गळ्यात पडून रडला. मला काहीच वाटलं नाही, ताई. थकवा असेल.

भावजींचा गुडघा कसा आहे? माया आहे तशीच असू दे.

तुझा,
धाकटा

ता. ९ जून

चि. धाकट्यास,
अनेक आशीर्वाद.

पत्र वाचून मी घरभर अशी फिरले की तुझे भावजी म्हणाले, गुडघे सांभाळ, घरात एक लंगडा पुरे. आणि तू मात्र एवढी मोठी बातमी वाण्याच्या यादीसारखी लिहितोस. लहानपणापासून तू असाच, घुम्या.

आता भट्टी जोरात चालू दे. आई गेली त्या दिवशीसुद्धा अण्णांनी ती विझू दिली नव्हती. आणि जागा सोडू नकोस. ताबा आपला दिसला पाहिजे, असं वकील बजावतात. लेकीकडे राहायला जायचं म्हणत होतास, ते निकालानंतर बघू. कोर्टाचं काम म्हणजे दोन-चार वर्षं लागतील, पण घर राहील. जेवत जा वेळेवर.

तुझी,
ताई

ता. १६ जून

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

भट्टीचं लिहायचं टाळलं होतं. लिलावाच्या आदल्या दिवशी मीच ती विझवली. तापलेली भट्टी परक्याच्या हाती द्यायची नव्हती. ती सावकाश निवू द्यायची असते, हे आपल्या घरात रांगतं पोरही जाणतं. मी आत बादल्या ओतल्या. कमान तडकली आणि मधल्या विटा खाली आल्या. आता दुरुस्तीलाही कोर्टाची परवानगी लागेल, असं वकील म्हणतात. कामगार दुसरीकडे लागले. मी रोज शटर उघडून बसतो. लोक येतात, पाव नाही म्हटल्यावर अभिनंदन करून जातात.

विटा पडल्या तेव्हा वाईट वाटायला हवं होतं. मला सुटल्यासारखं वाटलं. मी ट्रंक भरली, लेकीला येतो म्हणून कळवलं. तिनं माझ्यासाठी खिडकीजवळची खाट रिकामी केली. मग स्थगिती आली. तू माझ्यासाठी एवढी लढलीस आणि मला ते नको होतं, हे तोंडावर सांगायची माझी छाती नाही. ट्रंक अजून तशीच आहे. तू सांगशील तसं करीन. रागावलीस तरी परकं करू नकोस.

तुझा,
धाकटा

ता. २२ जून

चि. धाकट्यास,
अनेक आशीर्वाद.

दोन दिवस मी धुमसत होते. तुझ्या भावजींनी शेवटी विचारलं, लढायची हौस हिची आणि पहारा त्यानं का द्यायचा?

तुझ्यासाठी लढते असं मी सगळ्यांना सांगत आले, ते अर्धंच खरं. ते घर मला हवंय. पोरीचं काम नव्हे म्हणून अण्णांनी मला भट्टीपाशी कधी उभं केलं नाही, आणि मी लग्न होऊन निघाले तरी माझं मन तिथंच राहिलं. वकिलांना विचारलं. वारस म्हणून मी राहिले तरी ताबा आपलाच.

आम्ही दोघं रविवारी येतोय, राहायलाच. किल्ली शिंप्याकडे ठेव. भेटून जावं असं तुला वाटेल, मलाही वाटतं. पण तू समोर दिसलास की मी तुला जाऊ देणार नाही. तू शनिवारीच नीघ.

तुझी,
ताई