कमिशनरची खुर्ची

३ जुलै, लिमोज, फ्रान्स

मोठी बातमी! आमच्या पोलिसी मालिकेचा हीरो मालिका सोडतोय. एकोणीस वर्षं तो कमिशनर आणि मी, गाएताँ पोर्शरों, त्याचा इन्स्पेक्टर. ‘गाडी तयार आहे, साहेब’ हे वाक्य मी सव्वादोनशे भागांत म्हटलं आणि दर वेळी वेगळं म्हटलं. आता खुर्ची माझीच. दुसरं आहेच कोण?

सोलांजला सांगितलं. म्हणाली, आधी पाव घेऊन ये. बायकोला आनंद दाखवताच येत नाही.

४ जुलै

सहा किलो उतरवायचे. चीज बंद. सेटवर लाइटवाल्यांच्या टेबलावर जेवायचं नाही. आता थोडं अंतर ठेवायला हवं.

९ जुलै

चीज खाल्लं. कमिशनर भारदस्तच बरा.

एकटाच जेवलो. पलीकडे लाइटवाले खूप हसत होते. वरवरचं.

१८ जुलै

इथल्या पेपरला मुलाखत दिली. हीरोच्या अभिनयातले दोष सविस्तर सांगितले. त्याच्याच भल्यासाठी.

२१ जुलै

छापून आली. फोटो माझा, खाली नाव त्याचं. निर्मात्या मादाम लाकाझ माझ्याशी चकार शब्द बोलल्या नाहीत. भारावल्या असाव्यात.

१४ ऑगस्ट

पॅरिसला माझ्या एजंटला, ओडीलला, सतरा फोन केले. उचलत नाही. ऑगस्टच्या सुट्टीत अख्खं पॅरिस समुद्रावर पडलेलं. माझं करिअर गेलं खड्ड्यात!

२ सप्टेंबर

ओडीलचा फोन. खुर्ची बत्तीस वर्षांच्या एका बाईला दिली. नाटकातली आहे म्हणे. मी मालिका सोडतो असं सांगणार, तेवढ्यात ओडील म्हणाली, “पहिल्याच भागात चर्चमधला चार पानी सीन आहे. सगळे कलाकार हजर, आणि अख्खा सीन तुमच्याबद्दल.”

चार पानं! म्हणजे लग्न. कमिशनरबाईंशी माझं. प्रेक्षकांची मागणीच असणार.

सोलांजने विचारलं, त्यात तुझी वाक्यं किती? जळते ती.

२० सप्टेंबर

स्क्रिप्ट आली. माझा अंत्यविधी आहे. शवपेटीभोवती उभे राहून सगळे माझे गुण सांगतात. वाचताना मलाच रडू आलं. लिखाण उत्तम.

आजपासून बाथटबमध्ये श्वास रोखण्याचा सराव.

२१ सप्टेंबर

सर्दी. सराव बंद.

६ ऑक्टोबर

सकाळी सहायक दिग्दर्शकाचा फोन. “पेटीचं झाकण बंदच असणार आहे. तुम्ही आला नाहीत तरी चालेल.”

मी गेलोच. हट्टाने पेटीत झोपलो. झाकणाखाली चेहऱ्यावर अगाध शांती आणली. खांदेकऱ्यांना पेटी पेलेना. मला बाहेर काढून वाळूची तीन छोटी पोती ठेवली. मी मागच्या बाकावर बसलो.

पुढचा टेक एका दमात ओके. कमिशनरबाई पेटीला हात लावून खऱ्याखुऱ्या रडल्या. सगळ्या युनिटने टाळ्या वाजवल्या. फार लागलं मनाला. एकोणीस वर्षांत माझ्या सीनला पहिल्यांदाच टाळ्या पडल्या, आणि त्या सीनमध्ये मी नव्हतो.